दुप्पट का करायची?

कुसुम,

तुझी आई आज दुपारच्या ताप्ती लाइनच्या गाडीनं येते आहे. आपल्या पोरीला गावी घेऊन जायला. तुझ्या तेराव्यालाच तसं ठरलं. सगळे बसले होते, तुझी आई बोलली, माझी आई रडली आणि मी मान हलवली. मान हलवायला धाडस लागत नाही, म्हणून ते काम मला चांगलं जमतं.

आज कापडाच्या लूमला सुट्टी आहे. सकाळपासून सुरतेचं हे कतारगाम इतकं गप्प आहे की कानाला बरं वाटत नाही. खडखडाट असला की माणसाला स्वतःचं काही ऐकू येत नाही. आज सगळं ऐकू येतंय. पोर पाळण्यात आहे. दर थोड्या वेळानं मी उठतो, तिच्या नाकाशी बोट धरतो, श्वास लागला की परत येऊन बसतो. बोट तेवढं धरतो. तिला अजून एकदाही उचललेलं नाही.

हे तुला खरं वाटणार नाही. किंवा लगेच वाटेल. मी किती भित्रा आहे ते तुझ्याइतकं कोणाला माहीत होतं? मला कुत्र्याची भीती, शेठच्या चपलांच्या आवाजाची भीती, तार घेऊन येणाऱ्या पोस्टमनची तर फारच भीती. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात, माझ्यामागे तर त्याचं अख्खं खटलं लागलेलं असायचं. आणि सगळ्यांत मोठी भीती गणिताची. मॅट्रिकचा तो एक पेपर दोनदा बुडवून मी यावलकडून सुरतेला आलो, लूमवर लागलो आणि म्हटलं, सुटलो. मग माझं लग्न नेमकं मॅट्रिक पास मुलीशी लागलं.

लग्नानंतर पहिल्याच महिन्यात तू माझं जुनं गणिताचं पुस्तक ट्रंकेतून बाहेर काढलंस. "तिसऱ्यांदा बसा," म्हणालीस. मी म्हटलं, वर्गमूळ सोडून काहीही सांग. तर तू वर्गमूळापासूनच सुरुवात केलीस. पाटीवर सहाशे पंचवीस लिहिलेस आणि म्हणालीस, "आधी अंकांच्या जोड्या पाडा." मी डावीकडून पाडली. बासष्टची एक जोडी आणि पाच एकटा. तू पदर तोंडाला लावून इतकी हसलीस की शेजारची हंसाबेन डोकावून गेली.

गणित शिकवताना तू पुस्तकातली मराठी बोलायचीस. हसू आलं किंवा राग आला, की थेट अहिराणी.

"आवं, तुम्ही उलटं काय करी ऱ्हायनात? उजवीकडून!"

"कापड कोण शेवटाकडून मोजतं का?" मी म्हटलं. मला खरंच कळेना. दिवसभर ताका सुरुवातीच्या टोकापासून मोजणारा माणूस आकडा मागून कसा मोजेल?

"हा आकडा आहे, ताका नाही," तू म्हणालीस. मग शांतपणे सगळं दाखवलंस. उजवीकडून पंचवीसची जोडी, डावीकडे सहा एकटा. सहात कोणता वर्ग मावतो? दोनाचा, चार. सहातून चार गेले, उरले दोन. त्याच्यापुढे पंचवीस उतरवा, झाले दोनशे पंचवीस. आता आलेल्या उत्तराची, म्हणजे दोनाची, दुप्पट करा, चार. त्या चारापुढे असा अंक लिहा, की त्याच अंकानं गुणल्यावर दोनशे पंचवीस येतील. पंचेचाळीस पंचे दोनशे पंचवीस. खाली शून्य. वर्गमूळ पंचवीस.

"दुप्पट का करायची?" मी विचारलं.

तू पाटी पुसायला लागलीस. "नियम आहे."

"पण का? तिप्पट का नाही?"

"मास्तरांनी आम्हाला सांगितलं नाही, आम्ही विचारलं नाही. तुम्हीही गपचूप करा, पास व्हा."

मी पुढे कितीतरी दिवस तुझ्या मागे लागलो. खरं सांगायचं तर ते शहाणपणाचं विचारणं नव्हतं. मला कारण न कळता काही करायची भीती वाटते. अंधारात पाय टाकल्यासारखं वाटतं. तू कधी चिडायचीस, कधी म्हणायचीस, "सांगेन एखाद्या दिवशी." तुला माहीत होतं आणि तू मला झुलवत होतीस, की तुलाही माहीत नव्हतं आणि तू वेळ मारून नेत होतीस? ते तसंच राहिलं.

आणि माझी दुसरी खोड. उत्तर आलं की मी तुझ्या तोंडाकडे बघायचो. "बरोबर आहे ना?" तू कधीच हो म्हणायची नाहीस. "पडताळा करा तुमचा तुम्ही." मी गुणाकार करायचो, तो जुळायचा, तरी पुन्हा विचारायचो, बरोबर आहे ना? तेव्हा कुठे तू मान हलवायचीस. तुझी मान हलली की मी पुढचं गणित घ्यायचो.

तापीला रेल आली तो दिवस आठवतो? इथले लोक पुराला रेल म्हणतात, मला आधी वाटायचं आगगाडीबद्दल बोलतात. पाणी दारातून आत आलं, मग खाटेला लागलं, मग खाट हलायला लागली. आई, तू आणि मी माळ्यावर. खाली आपलं पिंप गोल गोल फिरत होतं. आई देवाचं नाव घेत होती. मी काहीच घेत नव्हतो, माझे दातच एकमेकांवर आपटत होते. तू चुलीतला कोळसा वर आणला होतास. कशाला आणलास ते तेव्हा कळलं. तो माझ्या हातात देऊन म्हणालीस, "बाराशे पंचवीस. भिंतीवर काढा. उत्तर येईपर्यंत पाण्याकडे बघायचं नाही."

मी काढलं. बाराची जोडी, तीन त्रिक नऊ, उरले तीन, तीनशे पंचवीस, तिनाची दुप्पट सहा, पासष्ट पंचे तीनशे पंचवीस. पस्तीस. आकडे वाकडे आले, अजून भिंतीवर आहेत. "बरोबर आहे ना?" म्हणून वळलो तर पाणी तेवढंच होतं. तू मान हलवलीस. मग आणखी एक आकडा दिलास. पाणी ओसरेपर्यंत तू मला आकडे देत राहिलीस आणि आई मधेमधे म्हणत राहिली, ही दोघं पागल झाली.

एवढ्या सरावानंतर नापास होणं माझ्याही हातात नव्हतं. पास झालो. लूम तीच राहिली, पण मॅट्रिक पास माणूस ती चालवायला लागला.

मग किती वर्षांनी तुला दिवस गेले. तू लूमवरच्या कटपीसच्या चिंध्या मागून आणल्यास. चार बोटं रुंद, चार बोटं लांब असे चौकोन कापलेस आणि ते नवे वाटू नयेत म्हणून धुऊन धुऊन मऊ केलेस. आतून आईचं जुनं सुती लुगडं. बाळाला दुपटं. सगळे मिळून दीडशे तुकडे झाले.

"चौरस व्हायला हवं," तू म्हणालीस. "सांगा, दीडशेचं वर्गमूळ."

"बारा. बाकी सहा."

"झालं तर. बारा बाय बारा."

मी म्हटलं, एकोणीस तुकडे आणखी आणतो, तेरा बाय तेरा पूर्ण होईल, बाकी उरणार नाही. मला बाकी उरलेली बघवत नाही, काहीतरी चुकलं असं वाटतं. आपण त्यावरही भांडलो. तू म्हणालीस, "बाकी उरायलाच हवी. दुपटं फाटलं की ठिगळ कुठून लावाल?"

आईला ते शिवणं पटलं नाही. "पोर पोटमा शे, आते काही शिवू नही, वं पोरी." आपल्याकडे जन्माआधी बाळाचं काही शिवत नाहीत, अंगडं नाही, टोपरं नाही. तू हसलीस. पण आईचं ऐकून मला घाम फुटला. मी रोज येऊन तुझ्या हातातल्या सुईकडे बघायचो आणि जेवण जायचं नाही. शेवटी तुला माझी दया आली. दहा बाय दहा शिवून झालं होतं. तू दोरा तोडलास, सुई दुपट्याला टोचून ठेवलीस आणि म्हणालीस, "घ्या. दहावर थांबते. पुढचं बाळ आल्यावर."

थांबलीस. कुसुम, तू थांबलीस ना गं माझ्यासाठी. मग काय फरक पडला? मी इतकी वर्षं इतका जपून भ्यालो, त्यातलं काहीच झालं नाही. पाणी ओसरलं, कुत्रा चावला नाही, शेठनं काढलं नाही. जे झालं त्याची भीती मी त्या दिवशी दवाखान्यात जाईपर्यंत मनात आणायलाही भीत होतो.

दवाखान्याच्या त्या दारात तुला आत नेताना तू माझ्या तोंडाकडे बघितलंस. माझं तोंड कसं झालं असेल ते मला माहीत नाही, पण कळा तुला येत होत्या आणि धीर तू मला दिलास. "सातशे तीस," म्हणालीस. "मी येईपर्यंत काढून ठेवा." दार लागलं.

मी बाकावर बसून बोटानं मांडीवर काढत होतो. मग नर्स बाहेर आली, पळत गेली. दुसरी पळत गेली. पळणाऱ्या माणसांकडे मी बघितलं नाही, आकड्याकडे बघत राहिलो. उत्तर आलं तेव्हा आत एक पोर रडल्याचा आवाज आला. मी उठून उभा राहिलो, उत्तर सांगायला. तुझा आवाज आला नाही. तुझं रक्त थांबत नव्हतं, हे मला नंतर सांगितलं.

त्यानंतर आज सकाळपर्यंत मी आकडा धरला नव्हता. आणि पोरीला हात लावलेला नाही. हंसाबेनचं बाळ अंगावर पितं, ती आपल्या पोरीलाही पाजते. पाजून झालं की माझ्यापुढे धरते. "भाई, छोकरीने हाथमां तो ल्यो!" मी हात मागे घेतो. आई चिडते, "उचल ना रे तिले. ती काय काचनी शे?" मला वाटतं, काचेचीच आहे. माझ्या हातात आली की काहीतरी होईल. ती गावी गेली की निदान माझ्यामुळे तरी काही होणार नाही. मान हलवली ती त्यासाठी. तुझी आई माझ्यापेक्षा कितीतरी बरी सांभाळेल. हे सगळं मला पटलेलं आहे, आणि गाडीची वेळ जवळ येते तसा मी पाळण्याकडे जास्तच वेळा उठतो.

म्हटलं, जाताना तिच्यासोबत दुपटं तरी पूर्ण द्यावं. तुझी सुई तशीच टोचलेली होती, गंजली होती. नवी घेतली. लूमवरचा तुटलेला धागा जोडणारे हे हात, धावदोरा काही कठीण नाही. सहा तुकडे बाजूला ठेवले, उरलेले चव्वेचाळीस घेतले आणि एका बाजूला लावत सुटलो. दहाची एक ओळ, दुसरी, तिसरी, चौथी. चार दिवस कामावरून आलो की तेच. आणि वर चार तुकडे शिल्लक! आईनं दुपटं पसरून बघितलं.

"ही गोधडी शे का ताका?"

लांबच लांब झालं होतं. विणकराची खोड, दुसरं काय? आमचं कापड एकाच बाजूला वाढतं. रुंदी लूमनं एकदा ठरवून दिली की माणसानं फक्त लांबी बघायची.

आज सकाळी दोन ओळी उसवल्या. त्या खालच्या बाजूला लावून बघितल्या. उजवीकडे दहाच्या दोन ओळी, खाली दहाच्या दोन ओळी. आणि कोपऱ्यात भोक राहिलं. दोन बाय दोनचं. हातात चार तुकडे होते.

मी ते कोपऱ्यात ठेवले. बसले.

कुसुम, चौरस झाला. मग पाटी काढली. एकशे चव्वेचाळीस. डावीकडे शंभरचा एक एकटा, त्याचं मूळ एक, म्हणजे दहा, तुझे दहा बाय दहा. उरले चव्वेचाळीस. एकाची दुप्पट दोन, त्यापुढे दोन, बावीस दुणे चव्वेचाळीस. दुप्पट का करायची? अगं, दोन बाजूंनी वाढवायचं असतं म्हणून! एकाच बाजूला वाढवलं तर चौरस राहत नाही. चौरस वाढवायचा तर दोन्ही बाजूंना सारखं लावावं लागतं, म्हणून दुप्पट. आणि पुढे लिहिलेला तो अंक कोपऱ्यासाठी. कोपरा भरला नाही तर सगळं करून फुकट.

हे तुझ्या हातात होतं. इतके दिवस सुई टोचून पेटीत होतं. दहावर थांबताना तुला हे दिसलं होतं का? पुढच्या दोन बाजू लावून मला दाखवायच्या म्हणून गालात हसत होतीस का? की तुलाही हे आत्ता माझ्याबरोबरच कळलं असतं आणि आपण दोघं पागलासारखे हसलो असतो? मला हे कोणालातरी सांगायचं होतं. पाळण्यापाशी जाऊन तुझ्या लेकीला सांगितलं. ती जागी होती. तिनं जांभई दिली.

कोपरा शिवून होता होता तुझी आई आली.

हे लिहितोय ते संध्याकाळी. तुझी आई हातपाय धुऊन बसली, पोरीला मांडीवर घेतलं आणि थोडं रडली. मग दुपटं बघितलं. उलटं केलं, टाक्यांवरून बोट फिरवत गेली. तुझे टाके संपतात तिथे थांबली.

"आठेपावत कुसुमना हात शे."

"हो."

"पुढला हात कोना?"

"मना हात."

"वाकडा शे," ती म्हणाली. पण बोट तिथून काढलं नाही.

मग ती पोरीचे कपडे पिशवीत भरायला लागली. टोपरी, लंगोट, एकेक घडी करून. दुपटंही घडी करायला घेतलं आणि मी ते धरलं. मी धरलंय हे मला आधी माझ्या हाताकडे बघून कळलं.

"नका नेऊ," मी म्हटलं. आवाज मांजराच्या पिलासारखा निघाला.

तुझ्या आईनं घडी थांबवली. "तू तं तिले हातबी लावस नही. भ्यास. कशी सांभाळशी?"

मला काहीतरी मोठं बोलता आलं असतं तर बरं झालं असतं. "भ्यास," मी म्हटलं. "भ्यात भ्यातच सांभाळसू."

आई माझ्याकडे बघत होती, हंसाबेन दारात होती. मी दुपटं जमिनीवर पसरलं, तुझ्या आईच्या मांडीवरून पोरीला घेऊन तुझ्या टाक्यांवर ठेवलं, चारही कडा आत घेतल्या आणि उचललं. तिचं डोकं माझ्या कोपरात आलं. काचेचं नाही. गरम आहे आणि वाटतं त्यापेक्षा जड आहे.

तुझ्या आईनं पिशवी बाजूला सारली. "मंग मी आठेच ऱ्हासू थोडा दिन," म्हणाली. "पाहसू तू कसा उचलस ते." मग डोळे पुसत आईला म्हणाली, चहा ठेवा.

मी अजून तसाच बसलोय. डाव्या हातात पोर, उजव्या हातात पेन्सिल. भीती गेलेली नाही. जाईल असं वाटतही नाही. आता ही तापेल, पडेल, शाळेत जाईल, रस्ता ओलांडेल, प्रत्येक वेळी माझ्या तोंडचं पाणी पळणार आणि आकडा द्यायला तू नाहीस. उरलेले सहा तुकडे तुझ्या डब्यात ठेवले आहेत, ठिगळाला.

त्या दिवशी दारात दिलेला आकडा मी काढला होता, ते सांगायचं राहून गेलं. सातशे तीस. सत्तावीस आले, बाकी एक.

पडताळा केला आहे, माझा मी. तरी एकदा सांग ना. बरोबर आहे ना?